न गळणारे जॉइंट

चिखलीतल्या एका सोसायटीच्या गेटवर, वॉचमनच्या केबिनशेजारी, एक निळी पाटी आहे. तिच्यावर लिफ्टवाला, इलेक्ट्रिशियन, केबलवाला, गॅस एजन्सी यांचे फोन नंबर आहेत. सगळ्यांत वर आहे प्लंबर, आणि त्याच्यापुढे नाव आहे 'रमाकांत'. आडनाव लिहिलेलं नाही. त्याची गरजही नाही, कारण तिथली लहान पोरंसुद्धा त्याला ओळखतात.

त्या सोसायटीला दोन विंग आहेत. ए विंगचे पाइप रमाकांतने जोडले, बी विंगचे मी. बी विंगमध्ये आजवर एकही जॉइंट गळलेला नाही. ए विंगमध्ये अधूनमधून गळतो. म्हणून पाटीवर रमाकांतचं नाव आहे.

वाचताना काही चुकलं असं वाटलं असेल, तर चुकलेलं नाही. ज्याचा जॉइंट गळतो त्याला लोक बोलावतात. तो येतो, दुरुस्त करतो, चहा पितो, घरातल्या आजोबांच्या गुडघ्याची चौकशी करतो आणि घरचाच होऊन जातो. ज्याचा जॉइंट गळत नाही, त्याचा पाइप भिंतीत गाडला जातो. वर प्लास्टर, त्याच्यावर टाइल. माझी सगळी कामगिरी टाइलमागे आहे. एकदा त्या सोसायटीत सहज गेलो, तर वॉचमनने कोणाकडे जायचंय म्हणून अडवलं. बी विंगमधले पाण्याचे सगळे उभे पाइप माझ्या हातचे आहेत, असं त्याला कसं सांगणार? मी म्हणालो, कोणाकडेच नाही, आणि पाटी वाचून परत आलो.

दिवाळी अंकासाठी धंद्यातले अनुभव लिहा असं संपादकांनी मला सांगितलं, तेव्हा धंद्यातली माझी सर्वांत जुनी सोबतीण कोण, याचा विचार केला. प्रामाणिक उत्तर आलं, असूया. मग ठरवलं, तिच्यासकटच लिहायचं.

मी मूळचा करमाळ्याचा. वडील मार्केट यार्डात हमाल होते. आमच्या घरात पदवी घेतलेला मी पहिला, बी.एस्सी., रसायनशास्त्र. आमच्या कॉलेजचे सर प्रयोगशाळेत पहिल्याच दिवशी काचेच्या दोन नळ्या टेबलावर ठेवायचे आणि विचारायचे, यातली गरम कुठली? कोणालाच सांगता यायचं नाही. मग म्हणायचे, "गरम काच आणि गार काच दिसायला सारखीच असते, बाळांनो. आधी जवळ हात न्या, मग हात लावा." त्या एका वाक्यावर मी आयुष्यभर जगलो. सरांचे उपकार फिटणारे नाहीत.

पदवी घेऊन महाळुंग्याच्या एका कंपनीत लॅबमध्ये लागलो. ती लॅब बंद झाली, तेव्हा त्याच कंपनीत पाइपलाइनचं काम करणाऱ्या कॉन्ट्रॅक्टरने मला ठेवून घेतलं. त्यांना लिहिता-वाचता येणारा, मशीनचं पुस्तक वाचून समजून घेणारा माणूस हवा होता. मला भाकरी हवी होती. त्या माणसाने दार उघडलं नसतं, तर मी परत यार्डात गेलो असतो. तिथेच रमाकांत भेटला. लातूरकडचा, आयटीआय झालेला, माझ्याच वयाचा. पहिल्याच दिवशी त्याने माझं नाव ठेवलं, 'सर'. भिसे सर. त्या 'सर'मध्ये आदर किती आणि टोमणा किती, हे मला अजूनही नीट कळलेलं नाही.

आता धंद्याबद्दल थोडं सांगतो, कारण बाहेरच्या माणसाला सगळे प्लास्टिकचे पाइप सारखेच वाटतात. ते सारखे नसतात. पिवळसर पाइप असतो, त्याला 'सोल्युशन' लावून चिकटवतात. जाड हिरवा पाइप असतो, तो उष्णतेने जोडतात. आणि सांडपाण्याचा राखाडी किंवा पांढरा पाइप असतो, ज्याला लोक घरी नको ते प्रयोग करून वाकवतात.

हिरव्या पाइपाचं काम मला सर्वांत आवडतं. एका मशीनवर दोन साचे असतात. एकावर पाइपाचं टोक चढवायचं, दुसऱ्यावर कपलिंग, म्हणजे दोन पाइप जोडणारा आखूड तुकडा. मशीन इस्त्रीसारखंच तापतं, पण इस्त्रीपेक्षा जास्त. पूर्ण तापल्याचा दिवा लागेपर्यंत थांबायचं. मग पाइप आणि कपलिंग दोन्ही एकाच वेळी साच्यांवर चढवायचे, वरचा थर मऊ होऊ द्यायचा, काढायचे आणि सरळ एकमेकांत सारायचे. मग हात न हलवता धरून ठेवायचं. गार झालं की दोन्हींचं एकच होतं. कापून बघितलं तरी सांधा सापडत नाही.

घाई केली, तर वरून चांगला दिसणारा पण आतून न जुळलेला सांधा होतो. जास्त तापवलं, तर वितळलेलं प्लास्टिक आत गोळा होऊन पाण्याची वाटच अरुंद करतं. आत पाण्याचा एक थेंब जरी राहिला, तरी त्याची वाफ होते आणि सुईएवढं भोक पाडून जाते. म्हणून जुन्या लाइनीत पाणी झिरपायचं थांबत नसेल, तर आम्ही पाइपात पावाचा तुकडा कोंबतो. जॉइंट होईपर्यंत पाव पाणी अडवतो, नंतर भिजून नळावाटे निघून जातो. मिसळीबरोबरचा एक पाव पिशवीत ठेवणारा माणूस दिसला, तर तो खादाड असेलच असं नाही. प्लंबर असू शकतो.

वाकवण्याचं शास्त्र वेगळं. दाबाच्या, म्हणजे नळाच्या पाण्याच्या लाइनीला मी गरम करून कधीच वाकवत नाही, तिथे एल्बो, म्हणजे तयार कोपरा लावायचा. सांडपाण्याच्या पाइपाला थोडा बाक द्यायचाच असेल, तर आत कोरडी वाळू भरायची म्हणजे तो चेपत नाही, दोन्ही तोंडं बंद करायची, हातमोजे घालायचे, खिडक्या उघडायच्या, आणि गरम हवा फेकणारी हीटगन वीतभर लांब धरून सतत फिरवत राहायची. एका जागी थांबलात की तपकिरी डाग पडतो. तो डाग म्हणजे पाइप तिथे मेला. पाइप मऊ झाला की हळूच वाकवायचा आणि ओल्या फडक्याने गार करायचा. प्लास्टिकला ऊब द्यायची असते, आग दाखवायची नसते. आग दाखवली की त्यातून असा धूर निघतो की डोळे आणि घसा जळतो. आत क्लोरीन असतं. हे मला बी.एस्सी.ने शिकवलं, आणि दापोडीतल्या एका काकांनी दाखवलं.

हे काका निवृत्त, एकटे राहणारे, हौशी. एकदा दुकान बंद असल्याने रमाकांतने त्यांच्याकडे गॅसच्या शेगडीवर पाइपाचं टोक पापडासारखं फिरवून फुगवलं होतं आणि दुसरा पाइप त्यात बसवला होता. बिनाकपलिंगचं काम, मिनिटात. काकांना ती जादू वाटली. पुढे सिंकखालचा पाइप बदलायचा झाला, तेव्हा काकांनी स्वतःच शेगडी पेटवली. मी योगायोगाने त्याच गल्लीत होतो. शेजारच्या बाईंनी बोलावलं. बघतो तर स्वयंपाकघर धुराने भरलेलं, पाइप काळा, काका खोकतायत आणि एका हाताला फोड आलेला. मी गॅस बंद केला, खिडक्या उघडल्या, काकांना गॅलरीत बसवलं, त्यांचा हात नळाखाली धरला. मग वाळू आणून नव्या पाइपात भरली, तो नीट गरम करून वाकवला आणि बसवून दिला. काका सगळं लक्ष देऊन बघत होते. प्रत्येक पायरी त्यांनी विचारून घेतली.

पुढच्या महिन्यात त्यांच्या बहिणीच्या घरी काम निघालं. काकांनी कोणाला बोलावलं असेल? रमाकांतला.

मी काकांना विचारलंसुद्धा. ते अगदी सरळपणे म्हणाले, "तुमचं काम उत्तमच आहे भिसे. पण तो आला की घरात जरा बरं वाटतं."

शास्त्राने घरात बरं वाटत नाही, हे मलाही कळतं. माझी बायको सुनीता हिचंही मत वेगळं नाही. रमाकांत आमच्याकडे आला की तिच्या कारळ्याच्या चटणीची अशी स्तुती करतो की ती त्याला डबा भरून देते. मी तीच चटणी इतकी वर्षं खातोय. मी एकदा तसं बोललो, तर म्हणाली, "तुम्ही खाता. तो सांगतो."

आता त्या सोसायटीची गोष्ट.

सोसायटीने गच्चीवर गरम पाण्याची नवी यंत्रणा बसवायची ठरवलं. दोन्ही विंगना जोडणारी एक लाइन टाकायची होती, हिरव्या पाइपाची. आमच्या कॉन्ट्रॅक्टरने मला आणि रमाकांतला दोघांनाही पाठवलं. सोसायटीच्या सेक्रेटरी देशमुख मॅडम, शाळेत शिकवणाऱ्या, स्पष्ट बोलणाऱ्या. त्यांनी आम्हाला दोघांना उभं करून सांगितलं की गेटवरची पाटी नव्याने रंगवायची आहे, पेंटरला सांगून ठेवलंय. दोन प्लंबरची नावं टाकली की लोक गोंधळतात. तेव्हा ही गरम पाण्याची लाइन पुढे जो सांभाळेल, त्याचं एकाचं नाव पाटीवर येईल. काम बघून कमिटी ठरवेल.

काम बघून. हे दोन शब्द मी घरी येऊन सुनीताला दोनदा सांगितले. इतक्या वर्षांत पहिल्यांदा कोणीतरी काम बघणार होतं. गच्चीवरची लाइन, उघड्यावरची. ना प्लास्टर, ना टाइल. दुसऱ्या दिवशी मी इस्त्रीचा शर्ट घालून कामाला गेलो. सुनीता हसली.

नेहमी आम्ही दोन मशीनवर दोन टोकांनी काम करायचो. त्या दिवशी एक मशीन महाळुंग्याच्या कामावर अडकलं होतं. म्हणजे एकाच मशीनवर दोघं, आळीपाळीने. एकाने मशीन धरायचं, दुसऱ्याने जॉइंट करायचा. बाहेरच्यांना आश्चर्य वाटेल, पण इतकी वर्षं एकत्र असूनही रमाकांतला जॉइंट करताना मी कधी जवळून बघितलं नव्हतं. आमच्यात तसंच असतं. त्याची विंग त्याची, माझी विंग माझी. दुसऱ्याचा झालेला जॉइंट दिसतो, होतानाचा दिसत नाही.

आधी मी माझे जॉइंट केले. तो मशीन धरून गप्पा मारत होता. मग मी मशीन धरलं आणि त्याने पहिला पाइप चढवला. तापवणं अचूक, काढणं अचूक. हात माझ्यापेक्षा हलका, हे मान्य करायला हवं. तो कपलिंगमध्ये पाइप सारायला लागला आणि सारता सारता त्याचं मनगट फिरलं. पाव वळसा. अगदी नकळत, गाणं गुणगुणताना मान हलावी तसं.

दुसऱ्या जॉइंटलाही फिरलं. तिसऱ्याला नाही, कारण तेव्हा तो गप्प होता. चौथ्याला बोलत होता, पुन्हा फिरलं.

ए विंगचे पाइपही हेच, हिरवे. ती का गळते, हे मला त्या क्षणी कळलं.

पिवळसर पाइप चिकटवताना पाव वळसा द्यावाच लागतो; त्याने सोल्युशन सगळीकडे पसरतं. रमाकांतने उमेदीची वर्षं त्याच पाइपात काढली होती. पण उष्णतेच्या जॉइंटला वळसा दिला की मऊ झालेला थर खरवडला जातो, एका बाजूला गोळा होतो, दुसऱ्या बाजूला कच्चा राहतो. सगळे गळत नाहीत. चाचणीच्या दाबालाही टिकतात. मग कधीतरी, वर्षा-दोन वर्षांनी, गरम-गार होऊन होऊन, एखादा पाझरायला लागतो.

मशीन हातात धरून मी उभा होतो. चेहऱ्यावर काही दिसत नसावं. गरम आणि गार दिसायला सारखंच असतं.

पहिला विचार आला, गप्प राहायचं. काम बघून ठरवणार आहेत ना? बघू देत. पुढे त्याचे जॉइंट पाझरतील, माझे नाही. मग दुसरा विचार आला आणि मला त्या उन्हात हसूच आलं. पाझरले तर काय होईल? लोक फोन करतील. कोणाला? रमाकांतला. तो पिशवी घेऊन धावत येईल, आजोबांचा गुडघा विचारेल, आणि पाटीवरचं त्याचं नाव आणखी पक्कं होईल. त्याचं गळणंच तर त्याची पुण्याई होती. आणि त्याचे जॉइंट गळायचे थांबले, तर? तर त्याचा फोनही माझ्या फोनसारखा गप्प पडेल. तोही टाइलमागे जाईल. येऊ दे की त्यालाही या बाजूला.

तेव्हा मी सांगितलं ते चांगुलपणाने सांगितलं, असा कोणाचा समज होऊ नये.

"रमाकांत, तुझं मनगट फिरतंय."

"कुठं फिरायलंय?"

"सारताना. पाव वळसा देतोयस. सोल्युशनसारखा."

तो हसला. म्हणाला, "काय बी सांगायलास सर." मग त्याने एक तुकडा घेतला, तापवला, आणि स्वतःच्या हाताकडे बघत जॉइंट केला. मनगट फिरलं नाही. मी म्हटलं, बघू नकोस, बोल काहीतरी. तो गावाकडच्या बैलपोळ्याचं काहीतरी सांगायला लागला आणि दुसरा तुकडा सारला. मनगट फिरलं. ते त्याने स्वतः बघितलं.

दोन्ही तुकडे गार झाल्यावर आम्ही ते मधोमध उभे कापले. पहिल्यात सांधा दिसत नव्हता. दुसऱ्यात एका बाजूला केसाएवढी फट होती. त्याने तिच्यावरून नख फिरवलं. मग तो गच्चीच्या कठड्याला टेकून बसला.

"म्हणजे ए विंगमधलं सगळं ह्या मनगटानं केलंय म्हण की," तो म्हणाला. मग, "आधी का नाही सांगितलास?"

"तुझा हात आज पहिल्यांदा बघितला."

तो उठला. सकाळपासून केलेले आपले सगळे जॉइंट त्याने कापून काढले आणि पुन्हा केले. या खेपेलाही मशीन मीच धरलं, पण तो एक शब्द बोलला नाही. ओठ घट्ट मिटून, नवशिक्यासारखा. मला वाटलं होतं, त्याला ओशाळलेलं बघून मला गार वाटेल. तसं वाटलं नाही. त्याच्यासारखं इतक्या सहज आपलं काम कापून टाकता आलं असतं का, हा प्रश्न पडला, आणि मग त्याचाही हेवा वाटला.

संध्याकाळी कमिटी गच्चीवर आली. लाइनीत पाणी भरून दाब दिला, दाब दाखवणाऱ्या मीटरचा काटा चढला तिथून खाली आला नाही. मॅडमनी विचारलं, सगळं ठीक? मी तोंड उघडायच्या आत रमाकांत पुढे झाला आणि सगळ्यांदेखत त्याने सांगून टाकलं, "मॅडम, तुमच्या ए विंगचे जॉइंट का गळत होते ते आज कळालं. माझी चूक होती. ह्या आमच्या सरांनी धरली. आता मी एकेका घरात येऊन, हाताला लागतील तेवढे तपासून देतो."

मॅडम त्याच्याकडे बघत राहिल्या. त्यांच्या डोळ्यांत जे होतं, ते मी चांगलं ओळखतो. लोक रमाकांतकडे तसंच बघतात. एक गृहस्थ म्हणाले, असा प्रामाणिक माणूस आजकाल मिळत नाही. माझ्याकडे वळून ते म्हणाले, तुम्हीही छान सहकार्य केलंत.

पुढे रमाकांतने खरंच ए विंगमधलं एकेक घर केलं. उघड्यावरचे, सिंकखालचे, गॅलरीतले जॉइंट बदलून दिले. प्रत्येक घरी चहा झाला. ए विंगचं गळणं बहुतेक थांबलं. माझा हिशोब असा होता की आता त्याचा फोन गप्प होईल. पण गळणं थांबलं म्हणून कृतज्ञ झालेल्या लोकांनी त्याला हळदीकुंकवापासून सत्यनारायणापर्यंत बोलवायला सुरुवात केली. पाटी रंगवून झाली. वर नाव आलं, 'रमाकांत'.

हे सुनीताला सांगितलं, तर ती म्हणाली, "खाली काय लिहिलंय ते वाचलंत का?"

मी वाचलं नव्हतं; तिला रमाकांतने सांगितलं होतं. दुसऱ्या दिवशी गेलो. पाटीच्या तळाशी, अग्निशमन दलाच्याही खाली, बारीक अक्षरात पेंटरने लिहिलं होतं, 'गरम पाण्याची लाइन – भिसे सर', आणि माझा नंबर. ते रमाकांतने पेंटरजवळ उभं राहून लिहून घेतलं होतं म्हणे. मॅडमना एकच नाव हवं होतं, तर त्यांना म्हणाला की हे प्लंबरचं नाव नाही, हे सरांचं नाव आहे. मी त्याला फोन करून विचारलं, कशाला केलंस? म्हणाला, "तुझा फोन कधी वाजतच नाही. सुखाचा माणूस तू. जरा वाजू दे की."

मी वाट बघितली. लाइन गळली नाही, कारण तिच्यात गळण्यासारखं काही ठेवलंच नव्हतं. फोन वाजला नाही. चिखलीवरून जाताना पाटीकडे बघायची सवय मात्र लागली. वॉचमन आता ओळखतो. अडवत नाही.

आणि मग परवा दुपारी फोन वाजला. बी विंग, चौथा मजला, एक ताई. भिसे सर का, म्हणून त्यांनी विचारलं. मी उभा राहिलो. सुनीताला खुणेनेच पिशवी काढायला सांगितली. कुठे गळतंय, स्वयंपाकघरात की न्हाणीत, पाणी गरम येतंय की गार, सगळं एका दमात विचारून टाकलं.

त्या म्हणाल्या, "नाही हो सर, गळत काहीच नाही. आमच्याकडे कधीच गळत नाही. मुलीचं लग्न ठरलंय, रमाकांतभाऊंना बोलवायचं होतं. त्यांचा पाटीवरचा नंबर सारखा बिझी येतो. तुमच्याकडे दुसरा आहे का?"

पिशवी हातात घेऊन सुनीता समोर उभी होती. मी तिला ती खाली ठेवायची खूण केली.

आहे, म्हणालो, लिहून घ्या. फोनमध्ये शोधावा लागला नाही. मला तो पाठ आहे.